साहेबांसाठी झाडलेलं शेत

उच्च न्यायालयानं सांगितलं होतं, तानुबाईच्या वनजमिनीच्या दाव्याचा निकाल लावा, आणि ठरल्या मुदतीत लावा. निकाल लावा, एवढंच. जमीन द्या, असं नव्हे. पण पेठ तालुक्यातल्या त्या पाड्यावर इतकं बारीक कोण ऐकतंय? तिच्या मनोजनं नाशिकहून पेढे आणले, आईच्या तोंडात एक कोंबला आणि म्हणाला, "आय, जिंकलो!"

कचेरीत मात्र पळापळ. इतकी वर्षं दाव्याची झोपमोड नको म्हणून त्याला कुणी हात लावला नव्हता. आता कोर्टाच्या धाकानं मुदतीच्या शेवटच्या दिवशी साहेब जातीनं पाहणीला निघाले. ते जे लिहितील, त्यावर दावे मंजूर करणारी समिती डोळे मिटून सही करणार होती.

साहेब येणार म्हटल्यावर तानुबाईच्या पायाला भिंगरी लागली. तिनं नागलीची धसकटं उपटून काढली. रोपांसाठी पालापाचोळा जाळून राब भाजला होता, त्याची काळी मऊ राख पाट्या भरभरून ओढ्यापल्याड नेली. शेणानं जमीन सारवली, तांदळाच्या पिठाची नक्षी काढली. मधोमध खाट, खाटेवर नवी गोधडी. झाडता झाडता गळ्यात ओवीही आली,

शेत झाडिते झाडिते, साहेब येती दारी
बुटाला त्यांच्या न लागो माझ्या नागलीची काडी

साहेब आले, खाटेवर टेकले, कोरा चहा प्याले. "वा, आजी! काय स्वच्छता!" म्हणाले. तानुबाई लाजली. मग त्यांनी कारकून किशोरला मजकूर सांगितला, "लिही. जागेवर शेतीची कोणतीही खूण आढळली नाही. जागा अंगण म्हणून वापरात. सबब दावा नामंजूर करावा."

तानुबाईनं किटली खाली ठेवली.

"अवं साहेब, तुमी येनार म्हनून तर झाडलं!"

"मी येण्याआधीचं मी कसं लिहू? डोळ्यांना दिसेल तेच लिहायचं, आजी. कोर्टाचं काम आहे."

"मंग परवा या. राब भाजून ठिवते."

"मुदत आज संपते."

तानुबाई तरातरा गेली, खोपीमागचा वाळक्या फांद्यांचा भारा ओढत आणला. मनोजनं दुसरा आणला. खाटेच्या चहूबाजूंनी दोघांनी पाला पसरला.

"हे काय चाललंय?"

"काय नाय. तुमी लिवा ना. तवर मी माझं काम उरकते." आणि तिनं काडी ओढली.

वैशाखातला पाला, भसकन पेटला. साहेब खाटेवरून उडाले, एक बूट नक्षीत, दुसरा शेणात. धुरानं डोळ्यांना धारा लागल्या.

"आजी! विझव ते!"

"राब कुनी विझवतं का, साहेब? शेती हाय ही. दिसली का न्हाई डोळ्यांना?"

किशोर खोकत खोकत साहेबांच्या कानाशी लागला. "साहेब, नामंजूर लिहिलं तर ही बाई परत कोर्टात जाणार. कोर्ट परत आपल्यालाच इथं धाडणार. मंजूर लिहिलं तर कोण कुठं जातंय?"

साहेबांनी धुराकडे पाहिलं, जीपकडे पाहिलं. बारा गावचं पाणी प्यालेला माणूस तो. डोळे पुसत म्हणाले, "खोड ते. लिही, प्रत्यक्ष पाहणीत शेती सुरू असल्याचे आढळले. दावा मंजूर करावा. आणि चल लवकर!"

"आय, झालं!" मनोज ओरडला.

तानुबाईनं मान वर केली नाही. हातात हिरवी फांदी घेऊन ती आगीच्या कडेकडेनं फिरत होती, जाळ बांधापलीकडे जाऊ नये म्हणून.