सीदींचं न भरणारं जाळं

गुरुवारच्या झियारतीला, पिराच्या दर्शनाला, जाळेवाल्या सीदी बूशबकांच्या दर्ग्यावर मुंगीला शिरायला जागा नव्हती. घुमटाखाली लोबानाचा धूर, बाहेर ओट्यावर टेबल, टेबलावर हिरवी चादर, चादरीवर एक लॅपटॉप. त्या लॅपटॉपकडे डोळे लावून गावातल्या दीडदोनशे बाया, म्हातारे, मासेमार उभे. काही जणी कडेवरची पोरं उंच धरून त्यांनाही दाखवत होत्या.

"बघा माझ्या बहिणींनो, बघा!" ड्राइव्ह विकायला बसलेल्या बूराउईने, ज्याला सगळे मानानं 'सी' म्हणत, हिरव्या फडक्यातून बोटभर पेनड्राइव्ह काढला, कपाळाला लावला आणि लॅपटॉपमध्ये खुपसला. "किती दिसतंय? वाचा मोठ्यानं!"

"दोन टेराबाइट!" कोणीतरी ओरडलं.

"म्हणजे दोन हजार जीबी! बाजारातल्या डब्या चार लग्नांचे व्हिडिओ टाकले की ढेकर देतात. आणि ही? सीदींनी जाळं टाकलं तेव्हा ते कधी भरून फाटलं का? नाही! हे तेच जाळं. चाळीस दिवस मजारीशी ठेवलंय. एका टोकाला चपटं तोंड, दुसऱ्या टोकाला हे लंबगोल, उलटं घाला, सुलटं घाला, कुठल्याही फोनला चालतं. आणि आतली ही जीभ बघा, निळी! घुमटाचा रंग उतरलाय तिच्यात. निळ्या जिभेतून लग्न डोळ्याचं पातं लवेस्तोवर आत जातं."

बायकांनी जिभा हलवून आनंदाचा चीत्कार केला. सगळा ओटा दणाणला.

"आणि लक्षात ठेवा," बूराउईने आवाज खाली आणला, "जे सगळ्यात लाडकं, ते सगळ्यात आधी घालायचं. ते तळाशी बसतं, सुरक्षित. आणि चाळीस दिवस उघडून बघायचं नाही. नावं बघा, यादी बघा, खुशाल. पण उघडायचं नाही. बरकत मुरावी लागते."

गर्दीच्या कडेला सिरीन उभी होती, कडेवर दीड वर्षाची मलाक. सिरीन गावच्या शाळेत मुलांना संगणक शिकवायची. तिला हसू येत होतं. पुढच्या रांगेत सासू दिसली आणि हसू जागच्या जागी विरलं. मब्रूकाच्या हातात तसंच हिरवं फडकं होतं.

"उम्मी, हे कधी घेतलंत?"

"महिना होऊन गेला. तू रागावशील म्हणून बोलले नाही. आज धाकटीच्या लग्नाचं घालायला आणलंय, पाचवं लग्न. सगळं मावतंय बघ, पोरी!"

"आणि सगळ्यात आधी काय घातलंत?"

मब्रूकाने तिच्याकडे असं पाहिलं, जणू हा काय प्रश्न झाला. "नाजीला."

सिरीन जवळ सरकली. "त्याचा फोन कुठाय?"

"तो? सी बूराउईंनी पुसून दिला. मग म्हटलं रिकामा फोन घरात ठेवून काय करू, सीदींच्या दानपेटीत टाकला. गरिबाच्या पोराला मिळेल."

नाजी, सिरीनचा नवरा, मडक्यांनी ऑक्टोपस पकडायचा. दोरीला मातीची मडकी बांधून तळाशी सोडायची. ऑक्टोपस सुरक्षित बीळ समजून आपणहून आत शिरतो. मलाक चार महिन्यांची असताना तो इतर सतरा जणांबरोबर पलीकडच्या किनाऱ्याला जायला बोटीत बसला. बोट पोचली नाही. प्रेत आलं नाही, त्यामुळे कबरही नाही. मागे राहिला तो त्याचा जुना, कोपरा फुटलेला फोन आणि त्यातली अकरा मिनिटं: मलाक जन्मली त्या दिवशी तो तिला मांडीवर घेऊन अंगाई म्हणतोय, शब्द विसरतोय, मधेच ऑक्टोपस घुसवतोय आणि स्वतःच हसतोय. त्या हसण्याशिवाय मलाक दुपारची झोपत नसे. महिनाभर ती झोपत नव्हती ते दात येताहेत म्हणून, असं मब्रूका सांगायची. सिरीनची शाळेत परीक्षांची धावपळ. तिने खरं मानलं.

शाळेत ती मुलांना सांगायची, जपायचं ते दोन ठिकाणी ठेवा. घरी ते काम रोज उद्यावर जायचं.

त्या दुपारी घरी तिने सासूचा ड्राइव्ह आपल्या लॅपटॉपला लावला. यादी आली. नाजी, मलाक, अकरा मिनिटं. नाव बरोबर, आकार बरोबर, तारीखसुद्धा बरोबर.

"बघ, आहे की!" मब्रूका म्हणाली. "उघडू नकोस. सातच दिवस उरलेत."

सिरीनने उघडलं. पडदा काळा. फाईल उघडता येत नाही. पुन्हा केलं, दुसऱ्या प्रोग्राममध्ये केलं. तेच. चौथं लग्न उघडलं, ते झकास वाजलं, ढोलासकट. मलाक दारापर्यंत दुडूदुडू आली होती, ढोल ऐकून थांबली.

मब्रूका हळू आवाजात म्हणाली, "समुद्रानं मारला नव्हता त्याला. तू मारलास. चाळीस दिवस धीर धरवला नाही तुला."

त्या रात्रीपासून सासू तिच्या हातचं खाईना. गल्लीत बायका सिरीनला पाहून आपापल्या पोरांचे चेहरे ओढणीने झाकायला लागल्या, तिची नजर नको म्हणून. बूराउईनेही तिसऱ्या दिवशी निरोप धाडला: बरकत तोडली तिने, आता मी काय करू?

नाजीचा आवाज परत येणार नाही, हे सिरीनला पहिल्या तासातच कळलं होतं. पण तो तिच्या हाताने गेला असं मलाक उद्या मोठी होऊन ऐकणार होती, आजीच्या तोंडून. ते तिला सोसणार नव्हतं.

पुढच्या गुरुवारी ती गर्दी चिरून ओट्यावर गेली. सोबत सराफ खमीसकाका होते. बाजारात खोटं सोनं नुसतं तळहातावर घेऊन ओळखणारे खमीसकाका; पण त्यांनीही असे तीन ड्राइव्ह घेतले होते.

"सी बूराउई, एक नवा द्या. फडक्यात बांधलेला, न उघडलेला."

"तुला? जिनं बरकत मोडली तिला?"

"मला नको. उम्मींना द्या. बिस्मिल्लाह त्याच म्हणतील, घालतीलही त्याच. मी फक्त बाजूला बसते."

"हो हो, देऊन टाका!" मागून एक मासेमार ओरडला. "सीदींचं जाळं एका मास्तरणीला घाबरतं की काय?"

लोक हसले. बूराउईला द्यावा लागला.

सिरीनने ड्राइव्ह खमीसकाकांच्या हातात दिला. "काका, तुमच्या भिंगातून निळ्या जिभेवरच्या पितळी पट्ट्या मोजा. मोठ्यानं."

खमीसकाकांनी डोळ्याला भिंग लावलं. "एक, दोन, तीन, चार... चारच."

"नीट बघा. मागे, आतल्या बाजूला आणखी पाच?"

"काही नाही. कोरं प्लॅस्टिक."

"आता माझ्या शाळेतल्या ड्राइव्हचा बघा. हाही निळा."

"पुढे चार... आणि मागे पाच. नऊ."

"निळा रंग ही खूण आहे, की हा तिसऱ्या पिढीचा," सिरीन लोकांकडे वळली. "जुन्या पिढीपेक्षा कागदावर दहापट वेगवान. तो जास्तीचा वेग त्या मागच्या पाच पट्ट्यांमधून येतो. पट्ट्याच नाहीत, तर निळं काय, सोन्याचं पाणी दिलं तरी वेग जुनाच. आणि त्या लंबगोल तोंडाचंही तेच. ते उलटंसुलटं बसतं ही सोय झाली. आत माल कसा, किती वेगाचा, हे तोंडावरून कळत नाही."

"पट्ट्या मोजत बसलीय!" बूराउई हसला. "बरकत पट्टीत असते का?"

"मग बरकतच मोजू." सिरीनने लॅपटॉपवर बारा फाईली दाखवल्या, एकेक जीबीची. पहिलीत वरपासून खालपर्यंत नुसता एकचा आकडा, दुसरीत दोनचा, असं बारापर्यंत. "बारा जीबी. दोन हजारांच्या जाळ्यात बारा म्हणजे चिमूटभर. उम्मी, घाला."

मब्रूकाला यायचं नव्हतं. पण दोनशे माणसं बघत होती. ती पुढे आली, बिस्मिल्लाह म्हणाली आणि सिरीनने दाखवलेली कळ दाबली.

डोळ्याचं पातं लवलं. कितीतरी वेळा लवलं. पडद्यावरची पट्टी मुंगीच्या पावलाने सरकत होती. शाळेच्या ड्राइव्हला दोन-तीन मिनिटं पुरली असती. इथे पंचवीस गेली. लोकांनी पाणी मागवलं, सूर्यफुलाच्या बिया फोडल्या. बूराउई घुमटात जाऊन मोठमोठ्याने दुआ म्हणू लागला.

"यादी बघा," सिरीन म्हणाली. बारा नावं होती, सगळी जागेवर. लोकांत कुजबुज झाली. मब्रूकाच्या चेहऱ्यावर क्षणभर जीव आला.

सिरीनने ड्राइव्ह काढला, पुन्हा लावला. "आता पहिली उघडा, उम्मी."

मब्रूकाने उघडली. पडदाभर नऊ. नऊ, नऊ, नऊ.

"दुसरी."

दहा.

"तिसरी... चौथी..."

अकरा. बारा. पाचवीपासून पुढे सगळं बरोबर.

खमीसकाका भिंग हातात धरून नुसते उभे राहिले.

"आत जागा आठच जीबीची आहे," सिरीन सावकाश म्हणाली. "आतली चिप खोटं बोलते. दोन हजार आहे असं सांगायला तिला शिकवलंय. आठ भरले की ती तक्रार करत नाही, गपचूप पहिल्यापासून वर लिहायला लागते. नवव्यानं पहिल्याला पुसलं, दहाव्यानं दुसऱ्याला. यादीचं पान तेवढं वेगळं राखलंय, म्हणून नावं शाबूत. जाळं भरत नाही, कारण त्याला भोक आहे. मासे एका बाजूनं आत, दुसऱ्या बाजूनं बाहेर. आणि चाळीस दिवस उघडायचं नाही, कारण चाळीस दिवसांत हा पुढच्या गावी."

"सैतानी खेळ आहे हा!" बूराउई दारात येऊन ओरडला. "आकड्यांना आत्मा नसतो! आवाजाला असतो!"

त्याच्याकडे कोणी बघितलंही नाही. मब्रूका पडद्यावरच्या नऊकडे बघत होती.

"म्हणजे," ती सिरीनला म्हणाली, "जे आधी घातलं ते आधी गेलं?"

"हो, उम्मी."

"मी त्याला सगळ्यात आधी घातला. लाडका म्हणून." तिचे ओठ हलत राहिले. "मग वर लग्न टाकलं. मग आणखी एक. दर गुरुवारी येत होते मी, हसत हसत." ती सिरीनकडे वळली. "त्याच्या मडक्यांसारखं, पोरी. मीच त्याला आत सोडला."

मागे चार मासेमार बूराउईकडे सरकले होते. खमीसकाकांनी त्यांना अडवलं, पोलिसांना बोलावलं. पण पुढच्या दारी धक्काबुक्की चाललेली असताना तो मागच्या दाराने निघून गेला. पेटीतले फोन तर केव्हाच शहरात विकून झाले होते. पुसलेले, नवे मालक मिळालेले फोन. कोणाच्या नातवाची पहिली पावलं, कोणाच्या मेलेल्या नवऱ्याची हाक. सिरीन तीन शहरं हिंडली. कोपरा फुटलेला फोन सापडला नाही.

गावातल्या सगळ्यांनी मानलं असंही नाही. अजूनही काही घरांत हिरवं फडकं न सोडता ठेवलेलं आहे. चाळीस दिवस उलटून वर्ष झालं, तरी उघडायचा धीर होत नाही. न उघडलेल्या डबीत माणूस अजून असतो.

मलाक आता आजीच्या गाण्यावर झोपते. मब्रूकाला सूर नाही, शब्द तिलाही आठवत नाहीत, मधेच ऑक्टोपस घुसवते. हसायची जागा आली की गप्प होते.

आणि दर गुरुवारी ती दर्ग्याच्या पायरीवर बसते. पीर कोण, जाळं कसलं, यावर कोणाशी वाद घालत नाही. पण शेजारी, चादर विकणाऱ्यांच्या ओळीत, कोणीही नवं काही विकायला बसलं, ताईत असो, औषध असो, डबी असो, की येणाऱ्या बाईचा हात धरते.

"आधी उघडून बघ गं," ती म्हणते. "कानानं ऐक, डोळ्यांनी बघ. नुसत्या नावावर जाऊ नकोस. आणि जो म्हणेल उघडू नको, त्याच्याकडून काही घेऊ नकोस. बघून झालं, दोन जागी ठेवून झालं, मग पूस. त्याच्या आधी नाही."

बाई हात सोडवून घ्यायला बघते. मब्रूका सोडत नाही.

"आधी उघड," ती पुन्हा म्हणते. "मी नव्हतं उघडलं."