गौराबाईंची आठ वर्षं

कुलाबा जिल्ह्याचं नाव रायगड झालं, त्याच वर्षी गौराबाई ठोंबरे निवृत्त झाल्या. कशेळ्यापलीकडच्या एका वाडीत त्यांनी पस्तीस वर्षं मुलं शिकवली होती. पेन्शनच्या कागदात मात्र नोकरी सत्तावीस वर्षांचीच धरली होती.

ती शाळा गावकऱ्यांनी सेहेचाळीस साली काढली होती. सरकारी अनुदानावर ती चालायची. पुढे चोपन्न साली ती शिक्षण खात्याने ताब्यात घेतली. अनुदानाच्या काळातली नोकरीही नियमाने धरायला हवी होती. पण खात्याचं उत्तर आलं, ‘त्या काळातील दप्तर उपलब्ध नाही. आपण तेथे नोकरीस होता याचा पुरावा सादर करावा.’

बाईंनी पत्र दोनदा वाचलं. नवरा गेल्यावर तेविसाव्या वर्षी त्या एकट्या त्या वाडीत गेल्या होत्या आणि देवळाच्या पडवीत वर्ग भरवला होता. ते सगळं घडलंच नाही, असं कुणी तरी टाइप करून पाठवलं होतं. दीड वर्ष अर्ज करून झाल्यावर त्यांनी कर्जतच्या कोर्टात दावा लावला.

मालोजीराव वकिलांनी जुनी विद्यार्थिनी जिजा हिला साक्षीला उभं केलं. जिजा आता नातवंडांची आजी होती.

“बाई शाळेत कोणत्या साली आल्या?” खात्याच्या वकिलाने विचारलं.

“साल नाय सांगता येणार. पण शाळा उघडली त्या पयल्या दिवशी माझा हात धरून यांनीच मला ग गिरवायला लावला.”

साल नाही म्हटल्यावर खात्याच्या वकिलाने पुढे काही विचारलंच नाही. बाहेर आल्यावर मालोजीराव म्हणाले, “साक्ष खरी आहे, पण तिला आधार हवा. त्या वेळचा एखादा कागद शोधा.”

बाई घरी जाऊन पहिल्या वर्गातली मुलं एकेक करून आठवू लागल्या. अब्दुलपाशी त्या थांबल्या. चौथी होऊन तो पुढे रेल्वेत लागला होता. नोकरीत शाळेचा दाखला घेतातच.

अब्दुल कर्जत स्टेशनच्या मागे राहत होता. त्याने सगळं ऐकून घेतलं.

“दाखला रेल्वेच्या हापिसात हाय, बाई. भरतीला दिला तो तिथंच ऱ्हायला. मी नक्कल मागतो.”

“आधी ऐक. त्यातली तुझी जन्मतारीख मी अंदाजाने घातली होती. कोर्टात विचारलं तर मला खरं सांगावं लागेल. तुझी नोकरी अजून बाकी आहे.”

अब्दुलने आतल्या खोलीकडे पाहिलं. आतून त्याची बायको हलिमा म्हणाली, “द्या मागवून. त्या दाखल्यावरच तर आपलं घर चाललंय.”

“मागवतो,” अब्दुल म्हणाला. “तुमी खरं तेच सांगा.”

तीन महिन्यांनी शिक्क्याची नक्कल आली. शाळेत दाखल, जून १९४६. शाळा सोडली, मे १९५०. खाली सही होती, ‘गौरा ठोंबरे, शिक्षिका’.

खात्याच्या वकिलाने नेमकं तारखेवरच बोट ठेवलं. “एक जून ही जन्मतारीख खरी आहे?”

“अंदाजाची आहे,” बाई म्हणाल्या. “पेरणीच्या सुमारास झाला, एवढंच त्याच्या आईला ठाऊक होतं. ज्यांची तारीख घरी माहीत नव्हती, त्या सगळ्या मुलांना मी एक जून लिहिलं. नाही तर नावंच घालता आली नसती.”

“म्हणजे दाखला खोटा?”

“तारीख अंदाजाची. मूल खरं, शाळा खरी आणि सहीही माझी.”

न्यायाधीशांनी लिहिणं थांबवून वर पाहिलं. “या कोर्टापुढे त्या विद्यार्थ्याच्या वयाचा प्रश्न नाही,” ते म्हणाले. “दाखल्यावरची सही यांची नाही, असं खात्याचं म्हणणं आहे का?”

खात्याचं तसं काही म्हणणं नव्हतं.

चौऱ्याऐंशीच्या मार्चमध्ये निकाल लागला. दाखला आणि जिजाची साक्ष दोन्ही मानली गेली; पन्नासला सही करणाऱ्या बाई चोपन्नला खात्यालाही त्याच शाळेत मिळाल्या होत्या, तेव्हा मधली वर्षंही धरून आठही वर्षं सेवेत घेण्याचा हुकूम झाला. खात्याने अपील केलं नाही. अब्दुलच्या तारखेबद्दलही कुणी काही विचारलं नाही. दिवाळीच्या आधी सुधारलेला पेन्शनचा कागद आला. बाईंनी तो जिजाच्या नातीकडून मोठ्याने वाचून घेतला. ‘१९४६ पासून’ हे शब्द आल्यावर त्या म्हणाल्या, “तेवढं परत वाच गं.”

पुढच्या महिन्यात कुंभिवलीचे एक निवृत्त मास्तर पत्ता विचारत आले. त्यांचीही सहा वर्षं धरली नव्हती, आणि पुरावा कुठून आणायचा हे त्यांना कळत नव्हतं.

बाईंनी त्यांना चहा दिला आणि पाटीवरची धूळ पुसली.

“पहिल्या वर्गातली मुलं सांगा,” त्या म्हणाल्या. “नोकरीला कोण कोण लागलं, तिथून सुरू करू.”