मूळपुरुषांची आज्ञा

दप्तरखान्याच्या जिन्यात, वळणावर, मूळपुरुषांची तसबीर होती. पांढरी दाढी, हातात किल्ल्यांचा जुडगा आणि नजर अशी की उशिरा येणारा माणूस आपोआप अंग चोरून जायचा. दप्तरखाना त्यांनी उभा केला, असं सगळे सांगत. तिथला प्रत्येक नियम त्यांचाच. त्यातला सर्वांत कडक नियम म्हणजे तळघरातला कागद तळघराबाहेर न्यायचा नाही.

तळघर सांभाळणाऱ्या बाईंना सगळे ताई म्हणत. तिथल्या भिंतीतला पाण्याचा नळ कित्येक वर्षं झिरपत होता. गठ्ठ्यांना बुरशी धरायची, ताई ती फडक्यानं पुसायच्या आणि पुसता पुसता खोकायच्या. वरच्या मजल्यावर एक मोठं, कोरडं दालन रिकामं पडून होतं. "साहेब, तिकडे हलवू या ना," असं त्या संचालकांना सांगून थकल्या होत्या.

"मला पटतंय हो," संचालक म्हणायचे, "पण मूळपुरुषांची आज्ञा मोडायची कुणी?"

अशात संचालकांनी त्यांना मूळपुरुषांचं चरित्र लिहायला सांगितलं. ताईंनी ते आनंदानं अंगावर घेतलं. निदान मूळ आज्ञा तरी डोळ्यांनी वाचायला मिळेल. काय सांगावं, त्यात एखादी पळवाटही असेल.

पण आज्ञा काही सापडेना. नेमणुकीचा कागद नाही, पगाराची नोंद नाही. एवढा नियमाचा माणूस, आणि रजेचा एक साधा अर्ज नाही! कुणाच्याही पणजोबांचा पत्ता लागावा अशा जागी खुद्द मूळपुरुषांचाच मागमूस नसावा? हे कागद आपल्याच तळघरात, आपल्या डोळ्यांदेखत कुजून गेले असतील तर?

घरी त्यांचं जेवणात लक्ष लागेना. सासूबाईंनी खोदून खोदून विचारलं, तेव्हा कुठे त्या बोलल्या.

"अगं, मग जिवंत माणसाला विचार की," सासूबाई म्हणाल्या. "तुमचे आबा आहेत ना अजून?"

आबा म्हणजे आधीचे संचालक. अगदी कोवळ्या वयात कारकून म्हणून लागले होते. आता खूप थकले होते आणि लेकीकडे राहत होते. ताई गेल्या तेव्हा ते गॅलरीत पांघरूण घेऊन बसले होते. ताईंनी भीत भीत सगळं सांगितलं. कागद कुजले असतील, हेही सांगितलं.

आबा हसू लागले, आणि हसता हसता त्यांना ठसका लागला. लेक पाणी घेऊन धावली.

"काही कुजलेलं नाही," ते म्हणाले. "माणूसच नव्हता, तर कागद कुठून येणार?"

ताईंनी खुर्ची जवळ ओढली.

"मी नवा होतो. एक दिवस एक बडा अधिकारी आला. त्याच्या मेव्हण्याचा जमिनीचा खटला चालू होता. म्हणाला, त्या जमिनीचे जुने कागद माझ्या गाडीत ठेव. देतो म्हणावं तर कागद पुन्हा दिसले नसते, आणि नाही म्हणायला माझी जीभ रेटेना. तोंडातून निघून गेलं, 'साहेब, ते तळघरात आहेत, आणि तळघरातला कागद बाहेर काढायचा नाही अशी मूळपुरुषांची आज्ञा आहे.' तो म्हणाला, 'कोण मूळपुरुष?' मी म्हटलं, 'म्हणजे, साहेबांना माहीत नाहीत?' त्यावर तो वरमला. 'माहीत आहेत, माहीत आहेत,' म्हणाला आणि निघून गेला."

"आणि तसबीर?"

"ती जुन्या बाजारातून आणली. भिंतीवर पोपडा आला होता, तो झाकायला. लोक त्यातल्या म्हाताऱ्यालाच मूळपुरुष म्हणायला लागले. पुढे ज्याला कुणाला नाही म्हणायची भीती वाटली, त्यानं मूळपुरुषांच्या नावानं एकेक नियम काढला. मला कुणी विचारलं असतं तर सांगितलं असतं. पण कुणी विचारलंच नाही बघ."

ताईंच्या छातीवरचा धोंडा उतरला. "आबा, मग गठ्ठे वर नेले तर?"

"अगं, ने. मी त्यांना एका माणसापासून वाचवलं होतं. पाण्यात बुडवा असं थोडंच म्हटलं होतं?"

दुसऱ्या दिवशी ताईंनी संचालकांच्या खोलीचं दार लावून घेतलं आणि सगळं सांगितलं. संचालकांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"दरवर्षी मी त्यांच्यावर भाषण करतो," ते म्हणाले. "आणि दरवर्षी धाकधूक असते, कुणी उठून विचारलं की ते जन्मले कुठे, तर काय सांगू? मला वाटायचं, माझंच वाचन कमी पडतंय." ते खुर्चीत मागे टेकले. "सुटलो बुवा."

त्यांनी सगळ्यांना जिन्यात बोलावलं आणि ताईंना बोलायला सांगितलं. ताईंनी आबांकडून ऐकलेलं सगळं सांगितलं. कागदांची नोंद ठेवणाऱ्या भांडारपालांचा चेहरा उतरला. त्यांचा मूळपुरुषांवर फार जीव होता.

"म्हणजे आपल्याला कुणीच स्थापलं नाही?" त्यांनी विचारलं.

"आबांनी कागद वाचवले," ताई म्हणाल्या. "नंतर तुम्ही सांभाळले. आणखी कोण लागतं?"

भांडारपालांनी तसबिरीकडे पाहिलं. "तरीच," ते हळूच म्हणाले, "इतक्या वर्षांत एकदाही रागावले नाहीत." आधी शिपाई हसला, मग सगळेच. भांडारपालांनी बाह्या सरसावल्या आणि ते तळघराच्या पायऱ्या उतरायला लागले.

संध्याकाळपर्यंत साखळी करून गठ्ठे वर जात राहिले. संचालकही मधल्या पायरीवर उभे होते, सदरा मळवून घेत. वरच्या दालनाच्या सगळ्या खिडक्या उघडल्या होत्या. ओल्या गठ्ठ्यांच्या गाठी सोडून त्यांतले कागद लांब टेबलांवर पसरले होते, आणि वाऱ्यानं त्यांचे कोपरे हळूहळू उचलले जात होते. ताई एका टेबलापाशी बसल्या. कागद उडू नयेत म्हणून वर लाकडी पट्ट्या ठेवता ठेवता त्यांच्या लक्षात आलं, की आपण दुपारपासून खोकलोच नाही.