माझ्यातून गाळलेले पाणी

मित्रांनो, मी एक जुना फिल्टर आहे. घरातली हवा स्वच्छ करणाऱ्या एका यंत्राच्या पोटात मी अडीच वर्षे बसून होतो. आता मी बदलापूरच्या एका घरात माळ्यावर आहे. जाड प्लास्टिकच्या पिशवीत मला घट्ट बांधून ठेवले आहे. मला कोणी हात लावत नाही आणि ते योग्यच आहे. एका मुलीचा श्वास मी सांभाळला खरा, पण सोनी नावाची दोन वर्षांची दुसरी एक मुलगी माझ्यामुळे मरणाच्या दारापर्यंत जाऊन परत आली. ते कसे घडले, तेवढेच मला तुम्हाला सांगायचे आहे.

माझा जन्म परदेशातल्या एका कारखान्यात झाला. केसाहून बारीक असे काचेचे तंतू एकमेकांत अडकवून माझे अंग तयार केले. ते दिसायला जाड कागदासारखे, पण कागद नव्हे आणि कापडही नव्हे. त्याला बारीक घड्या घातल्या, आत काळ्या कोळशाच्या बारीक दाण्यांचा थर दडवला आणि चारी बाजूंनी पुठ्ठ्याची चौकट बसवली. मी पांढराशुभ्र होतो. मी किती दिवस काम करावे, हे माझ्या खोक्यावर छापले होते. सहा महिने. त्यानंतर माझे काय करावे, हे मात्र कुठेच छापलेले नव्हते.

१९९३ सालच्या दिवाळीत हेमचंद्र नावाच्या गृहस्थांनी दुबईहून येताना मला बॅगेत घालून आणले. त्यांची बहीण कुमुदिनीबाई बदलापूरला राहत होत्या. त्यांचे यजमान श्रीपादराव रंगाच्या कारखान्यात अधिकारी होते. त्यांच्या मुलीला, मीनलला, दमा होता. तिच्यासाठीच ते यंत्र हेमचंद्रांनी आधी आणून दिले होते.

त्या वेळचे बदलापूर तुम्हाला ओळखू येणार नाही. गावाकडे जाणाऱ्या रस्त्याला दोन्ही बाजूंनी जांभळीची झाडे होती. हिवाळ्यात सकाळी धुके इतके खाली यायचे, की दूधवाल्याची नुसती घंटा ऐकू यायची. पण श्रीपादरावांच्या कॉलनीच्या मागेच तो रंगाचा कारखाना होता. वारा तिकडून आला की मीनलच्या खिडकीच्या कट्ट्यावर पिवळसर भुकटी बसे. कुमुदिनीबाई ती ओल्या फडक्याने पुसत आणि खिडकी लावून घेत. हवा मात्र फटींतून यायचीच. ती यंत्रात ओढली जायची, माझ्यातून जायची, आणि तिच्यात जे काही असेल ते मी धरून ठेवायचो.

मी आलो तेव्हा मीनल सात वर्षांची होती आणि यंत्रातला आधीचा फिल्टर भरून निकामी झाला होता. थोड्याच दिवसांत तिची रात्रीची धाप कमी झाली. ती शाळेच्या कवायतीतही उभी राहू लागली. कुमुदिनीबाई येणाऱ्याजाणाऱ्याला माझ्याकडे बोट दाखवून सांगत, "हा सगळं विष ओढून घेतो. म्हणून आमची मीनल हसतेय." मला फार अभिमान वाटे. भांडी घासायला येणारी आवडी ते रोज ऐकत असे. ती बारवी धरणाच्या बाजूला डोंगरातल्या एका वाडीवरून चालत येई.

सहा महिने झाले, वर्ष झाले. नवा फिल्टर दुबईहून कोणी आणला तरच मिळायचा. शेवटी श्रीपादराव मला घेऊन उल्हासनगरच्या एका दुकानात गेले. सिंधी दुकानदाराने मला उलटसुलट पाहिले, चौकटीवर टिचकी मारली.

"साईं, उल्हासनगरमध्ये सगळं बनतं. पण हे आहे काय, ते आधी सांगा."

"हवेचा फिल्टर आहे. असाच दुसरा बनवून द्या."

"हवेचा?" तो हसला. "साईं, हवा तो फुकट है! उसको भी छानते हो? झाडून घ्या आणि लावा परत. नवा दिसेल."

श्रीपादरावांनी मला गच्चीवर झाडले आणि परत लावले. माझी एक बाजू पांढरी दिसत राहिली. दुसरी राखाडी होती, मग पिवळसर काळी झाली. माझ्या घड्यांत आता जागा उरली नव्हती. कोळसाही भरून गेला होता. पण मीनल हसत होती, म्हणून मला कोणी काढले नाही.

माझ्या आधीच्या दोन फिल्टरांचे काय झाले, ते मी घरातल्या बोलण्यातून ऐकले होते. पहिला कॉलनीच्या वॉचमनने, धोंडिबाने, पालापाचोळ्याबरोबर जाळला. तो दोन दिवस खोकत होता आणि खालच्या मजल्यावरची माणसे भांडायला आली होती. दुसरा नाल्यात फेकला. तो पुलाखाली अडकला आणि पुढच्या पावसापर्यंत तिथेच होता, कुजला नाही. म्हणून १९९६ च्या मे महिन्यात नवा फिल्टर आला, तेव्हा कुमुदिनीबाईंनी मला वर्तमानपत्रात गुंडाळले आणि आवडीच्या हातात दिले.

"हा लांब कुठेतरी टाक गं. इथे आसपास नको. ते खालचे पुन्हा ओरडतील."

"बाई, हा खराब झाला?"

"जुना झाला. टाक तू."

श्रीपादराव तिथेच चहा पीत होते. माझ्यात काय भरले आहे, हे त्या घरात फक्त त्यांनाच नीट ठाऊक होते. ते पेपर वाचत राहिले.

मित्रांनो, आवडीने मला टाकले नाही. तुम्ही तिला दोष देऊ नका. मागच्या वर्षी गढूळ पाण्याने तिच्या मुलीला, सोनीला, हगवण लागली होती आणि ती कशीबशी जगली होती. वाडीवर येणाऱ्या नर्सबाईंनी बजावले होते, की पोरीला पाणी गाळूनच द्यायचे. वाडीतल्या सगळ्याच बायका हंड्याच्या तोंडाला जुन्या लुगड्याचे फडके बांधून पाणी गाळत. पण मे महिन्यात ओढ्याकाठी पाण्यासाठी खणलेला झिरा आटे, तळाला गुरांचे पाय पडत, आणि फडक्यातून गाळ उतरेच. आवडीने विचार केला, की साहेबाच्या पोरीला ज्याने वाचवले, तो आपल्या पोरीलाही वाचवील.

तिने मला ओढ्यात खळखळून धुतले. माझ्या अंगातून पिवळा पट्टा निघाला आणि पाण्याबरोबर खाली वाहत गेला. तिला वाटले, मळ गेला. तिचा नवरा देऊ याने कोयत्याने माझी चौकट तोडली, घड्या उलगडल्या आणि मला हंड्याच्या तोंडावर बांधले.

देऊचा बाप सुकऱ्या उंबऱ्यात बसून पाहत होता. त्याने वाकून माझा वास घेतला.

"याला कंपनीचा वास येतोय."

"मामंजी, साहेबाच्या घरातला हाय. विष वढतो तो," आवडी म्हणाली.

"वढलेलं विष जातं कुठं मंग? मी नाय पिणार. माझ्या बापानं गढूळ पाणी पाजूनच मला वाढवला."

"म्हणून तर डोस्कं गढूळ ऱ्हायलं तुमचं!"

देऊ हसला. सुकऱ्याही हसला, पण त्याने आपला तांब्या उचलला आणि तो झिऱ्यावर गेला. त्या दिवसापासून तो आपले पाणी वेगळे आणू लागला.

मला ओरडून सांगायचे होते, की म्हातारा बरोबर बोलतो आहे. मी हवेसाठी जन्मलो होतो. हवा माझ्यातून गेली, की मी मूठ घट्ट धरतो. पाणी गेले, की माझी मूठ सुटते. रोज सकाळी झिऱ्याचे पाणी माझ्यावर ओतले जाई आणि अडीच वर्षांत साठवलेले थोडे थोडे माझ्यातून सुटून हंड्यात उतरे. खाली पडणारे पाणी नितळ दिसायचे. आवडी ते वाटीत धरून उजेडात पाहायची आणि सोनीला पाजायची. त्याच पाण्यात तिची पेज शिजायची.

काही दिवसांनी देऊचे डोके दुखू लागले. तो म्हणाला, ऊन लागले असेल. सोनीचे ओठ जांभळट दिसू लागले. त्याचे कोणालाच काही वाटले नाही, कारण तेव्हा जांभळांचा हंगाम होता. वाडीतल्या सगळ्याच पोरांचे ओठ, जिभा आणि बोटे जांभळी होती. आवडी पदराने तिचे तोंड पुसायची आणि म्हणायची, "किती खाशील गं, पोट दुखंल!"

मग पाऊस आला, जांभळे गळून गेली. बाकीच्या पोरांची तोंडे धुतली गेली. सोनीचे ओठ तसेच राहिले. तिची नखेही निळसर झाली होती. ती खेळेना, दारातल्या कोंबडीच्या पिलांमागे धावेना. चार पावले चालली की बसायची आणि धापा टाकायची. आवडी तिला अधिकच जपून, अधिकच गाळलेले पाणी देऊ लागली.

पुढे काय झाले, ते मला आवडीने देऊला सांगितलेल्यावरून कळले. जुलैत एके दिवशी ती सोनीला कडेवर घेऊनच कामाला गेली. श्रीपादराव दुपारी जेवायला घरी आले. सोनी स्वयंपाकघराच्या दाराशी भिंतीला टेकून बसली होती. कुमुदिनीबाईंनी तिच्या हातात बिस्किट दिले होते, ते तिने नुसतेच धरून ठेवले होते. श्रीपादरावांची नजर त्या बोटांवर गेली. त्यांनी खाली बसून तिचा हात उजेडाकडे धरला. अशी नखे त्यांनी कारखान्यात रंगाची भुकटी पोटात गेलेल्या एका कामगाराची पाहिली होती.

"आवडी, हिने काय खाल्लंय?"

"जांभळं खाल्ली असतील, साहेब."

"जांभळं संपून पंधरा दिवस झाले. पाणी कुठलं पिते ही?"

"झिऱ्याचंच. पण आता गाळून देते ना! तुमच्या त्या मशीनच्या फडक्यातनं. बाईंनी टाकायला दिलं होतं, ते मी ठेवलं. नवंच्या नवं होतं की."

श्रीपादराव ताटावर बसलेच नाहीत. त्यांनी सोनीला उचलले आणि कंपनीच्या जीपमधून अंबरनाथच्या दवाखान्यात नेले. कंपनीच्या डॉक्टरांना त्या निळ्या नखांवरचे औषध ठाऊक होते. त्यांनी सुई टोचली आणि सांगितले, "आणखी दोन-चार दिवस गेले असते, तर मी काही करू शकलो नसतो."

तीन दिवस सोनीने डोळे नीट उघडले नाहीत. चौथ्या दिवशी तिने पेज मागितली. आवडीने विचारले, "कुठल्या पाण्याची हाय?" आणि नर्सने दोनदा सांगेपर्यंत तिने वाटी पोरीच्या तोंडाला लावली नाही.

त्यानंतर श्रीपादराव मला न्यायला वाडीवर आले. मी कुडावर वाळत होतो. त्यांनी खिशातून रबरी हातमोजे काढून चढवले आणि मगच मला उचलले. देऊ ते पाहत होता.

"साहेब, याला हात लावायला तुम्हाला मोजं लागतात?"

श्रीपादरावांनी मला जाड प्लास्टिकच्या पिशवीत घातले आणि तिचे तोंड बांधले.

"आन आम्ही यातनं पाणी प्यालो."

"देऊ, माझी चूक झाली. मी सांगायला हवं होतं."

सुकऱ्या काठी टेकत पुढे आला. "आता कुठं टाकणार हे?"

"पुरून टाकतो लांब."

"पुरलं तर पावसात झिऱ्यात उतरंल."

"मग जाळायला सांगतो."

"धूर कुठं जाईल, साहेब? कुणाच्या तरी दारातच ना?"

श्रीपादराव पिशवी धरून अंगणात उभे राहिले. तेव्हा घरातून आवडी बाहेर आली. सोनी तिच्या कडेवर झोपली होती.

"तुमच्या घरात ठेवा," ती म्हणाली. "तुमची पोरगी निजते ना, तिथं ठेवा. म्हणजे जपून ठेवाल."

ती पुन्हा त्यांच्याकडे कामाला आली नाही. कुमुदिनीबाईंनी दोनदा निरोप पाठवला, एकदा सोनीसाठी नवे परकर-पोलके पाठवले. ते जसेच्या तसे परत आले.

श्रीपादरावांनी मला खरोखरच घरी आणले. दोन खोल्यांच्या त्या घरात माळा एकच होता आणि तो मीनलच्या खोलीत होता. कुमुदिनीबाई म्हणाल्या, "अहो, तिथे नको." श्रीपादराव म्हणाले, "मग कुठे? तू जागा सांग." मी माळ्यावर चढलो. नंतर दर वर्षी नवा फिल्टर आला आणि जुना माझ्या शेजारी येऊन बसला. आता १९९९ साल सरत आले आहे आणि माळ्यावर आम्ही चौघे आहोत. खाली पाचवा काम करतो आहे. त्याची पांढरी बाजू पाहून मला माझे दिवस आठवतात, आणि भीती वाटते.

मित्रांनो, मी कुजत नाही. मला जाळले तर मी धूर होतो, धुतले तर पाण्यात उतरतो. मी धरून ठेवलेले विष नाहीसे होत नाही, ते फक्त माझ्यापाशी थांबते. तुमच्या घरात माझ्यासारखा कोणी असेल, तर तो वेळेवर बदला. बदलताना त्याच्यात काय भरले आहे, ते घरच्यांना आणि कामाला येणाऱ्या मावशींना स्पष्ट शब्दांत सांगा. 'लांब टाक' असे कोणाला सांगू नका. जे तुम्हाला लांब वाटते, तिथेही कोणाची तरी चूल असते. आणि खिडकीवर पिवळी भुकटी बसत असेल, तर ती कुठून येते, हे मोठ्या माणसांना विचारा. पुन्हा पुन्हा विचारा. तो प्रश्न वेळीच कोणी विचारला असता, तर कदाचित माझी गरजच पडली नसती.

एक गोष्ट अजून या घरात कोणाला ठाऊक नाही. गेल्या आठवड्यात माळ्यावर उंदीर आला. त्याने माझ्या पिशवीचा एक कोपरा कुरतडला आहे. माझी पिवळसर काळी भुकटी फळीच्या फटीतून हळूहळू खाली पडते आहे. खाली मीनलचा पलंग आहे.