दोन जिवांचा वजनकाटा

मी एक जुना वजनकाटा आहे, आणि माझ्या पाटावर पहिल्यांदा जे सांडले ते तांदूळ नव्हते, रक्त होते.

भिऊ नका, मित्रांनो. रक्ताची गोष्ट आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचे ऐकताना तुम्हाला नवल वाटणार नाही.

माझा जन्म ओसाका शहरातल्या एका ओतशाळेत झाला. कारागिरांनी लोखंड वितळवून माझा पाट ओतला, पितळेची दांडी घासून तिच्यावर खुणा कोरल्या आणि आगगाडीने मला क्यूशू बेटावरच्या कोळशाच्या खोऱ्यात पाठवले. तिथे खाणीच्या धान्यकोठीत मी पोती तोलत असे. ती लढाईची वर्षे होती. कोठीवाला मापात मारत असे आणि ते सगळ्यांना ठाऊक होते. एके दिवशी एक खाणकामगार “माप नीट घाला” एवढेच म्हणाला. मुकादमाने माझेच लोखंडी वजन उचलून त्याच्या खांद्यावर घातले. हाड मोडले, कातडी फाटली आणि तो माणूस रक्ताळलेल्या खांद्याने माझ्या पाटावर कोसळला. मी त्याचेही वजन बरोबर दाखवले. मला दुसरे काय येत होते?

लढाई संपली तेव्हा भुकेल्या लोकांनी कुऱ्हाडींनी कोठी फोडली. एकमेकांना तुडवत त्यांनी पोती पळवली, दिवे नेले, दरवाजासुद्धा नेला. मला मात्र कुणी हात लावला नाही, कारण मला शिजवता येत नव्हते.

मला उचलले ते शिगे नावाच्या सुईणीने. हातगाडीवर घालून तिने मला खाणकामगारांच्या चाळीतल्या आपल्या खोलीत आणले, राखेने घासले आणि माझ्या पाटावर जुन्या सुती कापडाची गादी शिवून बसवली. तेव्हापासून माझ्यावर दोन जिवांच्या बायका चढू लागल्या.

ते दिवस माझ्या आवडीचे होते. बायका चढायच्या आणि दांडी हलण्याआधीच भांडायला लागायच्या.

“शिगेताई, तुझा काटा खोटारडा आहे. मी कालपासून नुसता मुळा खाल्लाय.”

“मुळा खाल्लास गं, पण मुळ्यामागून नवऱ्याच्या डब्यातली मासळीपण गेलेली दिसतेय.”

शिगेची शिकवण साधी होती. पोटात जीव वाढतो म्हणजे आईचे अंगही वाढलेच पाहिजे. किडकिडीत बाईने थोडे जास्त, अंगाने भरलेल्या बाईने थोडे कमी. पण वाढ सावकाश हवी, महिन्यामागून महिना. भाताबरोबर मासळी, सोयाबीन, हिरवा पाला काही ना काही रोज पोटात जायलाच हवे. “वजन वाढलं नाही तरी मला सांगायचं,” ती म्हणे, “आणि आठवड्यात भसकन वाढलं तर धावत येऊन सांगायचं.”

आमच्या शेजारच्या खोलीत तात्सुओ नावाचा खाणकामगार राहत असे. बरोबर त्याची आई किनु आणि बायको फुमी. त्यांच्या आमच्यामध्ये एका फटी पडलेल्या फळीची भिंत होती. फुमीला दिवस गेले आणि त्या फळीपलीकडचे आवाज बदलले.

आधी भांड्यांचे आवाज यायचे, आता त्यांत मारण्याचे मिसळले. किनु सुनेला मोजके वाढायची. वाडगा अर्धा भरायचा आणि वर म्हणायचे, “पोर बारीक झालं की सुटका सोपी होते. बाहेर आल्यावर वाढव हवं तेवढं.” पाचव्या महिन्यात तिथल्या रिवाजाप्रमाणे फुमीच्या पोटाला पट्टा बांधला, तो किनुने पाठीत गुडघा रोवून इतका आवळला की फुमीचा श्वास मला भिंतीअलीकडे ऐकू आला. चुलीपाशी फुमीने रताळ्याचा तुकडा तोंडात टाकला, तर किनुने कोळशाच्या चिमट्याने तिच्या बोटांवर मारले. नवऱ्याच्या डब्यातला भाताचा एक गोळा तिने खाल्ला. तात्सुओ पाळीवरून आला आणि तोच रिकामा डबा त्याने तिच्या कपाळावर हाणला.

“खाली अंधारात मी मरतोय, आणि तू माझा घास चोरतेस?”

फुमी कपाळ धरून चुलीकडे वळली. ती कधीच बोलत नसे. शिगेने दोनदा जाऊन तात्सुओला सुनावले. दोन्ही वेळा त्याने दार तिच्या तोंडावर आपटले, आणि दोन्ही वेळा नंतर फुमीलाच जास्त मार पडला. म्हणून शिगे तिसऱ्यांदा गेली नाही. ती भिंतीपाशी बसून दात खात राही.

मग एका सकाळी फुमी नळावर कपडे धूत असताना कोसळली. बायकांनी तिला उचलून आमच्याकडे आणले. शिगेने तिला दोन्ही काखांत हात घालून माझ्यावर उभे केले. मित्रांनो, मी पोती तोललेला काटा. कमी मापाची मला सवय होती. पण पोटात सात महिन्यांचे मूल घेऊन ती बाई नवी नवरी असताना गमतीने माझ्यावर चढली होती तेव्हापेक्षाही कमी भरली, तेव्हा माझ्या दांडीला खाली जायची लाज वाटली.

शिगेने कात्री घेतली आणि तो पट्टा उभा कापला. खाली कातडीवर काळेनिळे वळ होते. मग तिने पातळ भातात अंडे फोडून घातले आणि फुमीच्या हातात वाडगा दिला. फुमी दोन्ही हातांनी तो धरून खाऊ लागली. तोंड भाजत होते तरी ती थांबेना.

एवढ्यात किनु दारात आली. तिच्या हातात कोळशाचे ढेकळ फोडायचा हातोडा होता.

“सून माझी आहे,” ती म्हणाली. तिचा आवाज शांत होता, आणि मला त्याचीच भीती वाटली. “तू कोण तिला चारणारी?”

“किनु, हातोडा खाली ठेव.”

“या लोखंडावर बायकांना चढवतेस, आकडा वाढवतेस, मग एक दिवस त्या तिरडीवर चढतात. माझ्या घरात पुन्हा नाही चालणार ते.”

पहिला घाव माझ्या दांडीवर बसला. पितळ वाकले आणि खुणांची अर्धी पट्टी उडून भिंतीवर आपटली. दुसरा घाव बसायच्या आत शिगेने मध्ये हात घातला. तो हात माझ्यासाठी घातला की मागे बसलेल्या फुमीसाठी, ते मला आजही ठाऊक नाही. तिचे मनगट मोडले. तो आवाज मी कोठीत एकदा ऐकला होता.

तिसरा घाव पडला नाही. फुमीने वाडगा टाकला, उठली आणि सासूचा अंबाडा धरून तिला खाली खेचले. दोघी सांडलेल्या भातात लोळल्या. किनुने तिच्या तोंडावर कोपर मारले, फुमीचा ओठ फाटला. फुमीने सासूच्या दंडाचा कडकडून चावा घेतला. कितीतरी महिन्यांनी तिच्या दातांखाली मांस आले असेल. हातोडा निसटला आणि शिगेने तो पायाने दूर ढकलला. फुमी सासूच्या छातीवर गुडघा ठेवून बसली आणि त्या वर्षात मी तिचे पहिले वाक्य ऐकले.

“मला भूक लागलीय. मारायचं तर मारा, पण जेवायला घालून मारा.”

दारात बायका जमल्या होत्या. शिगे मोडलेला हात पोटाशी धरून खाली बसली. तिचा चेहरा घामाने निथळत होता.

“किनु,” ती म्हणाली, “चियो कशी गेली ते सांग.”

चियो ही किनुची मुलगी. लांबच्या खाणीवर दिली होती. बाळंतपणात गेली, एवढेच चाळीला माहीत होते.

किनु छताकडे बघत बोलली. “फुगून गेली. मीच गेले होते तिच्याकडे. मीच चारलं. रोज भात, रोज मासळी. म्हटलं, माझी पोर दोन जिवांची आहे, खाऊ दे. माझ्या या हातांनी तिला फुगवून मारलं.”

“महिन्या-महिन्याने वाढली, की एकदम?”

“एकदम. आठवड्यात तोंड ओळखू येईना. चपलेचा पट्टा पायात रुतायचा.”

“डोकं दुखायचं?”

“फुटायचं म्हणायची. डोळ्यांपुढे काजवे चमकायचे. मग झटके आले.” किनु थांबली. “जिभेचा तुकडा पडला होता.”

“फुमे, पाय पुढे कर. किनु, तिच्या नडगीवर अंगठा दाब. जोरात. खड्डा पडतो का?”

फुमी उठून बाजूला झाली आणि तिने पाय पुढे केला. किनुने दाबून पाहिले. “नाही. नुसतं हाड आहे.”

“चियोच्या पायावर पडायचा?”

“पडायचा. उकडीच्या गोळ्यात बोट रुतावं तसा. बोट काढलं तरी तसाच राहायचा.”

“ते भाताचं अंग नव्हतं बाई. ते पाणी होतं. तो आजार होता, आणि तो मोठ्या दवाखान्यात दाखवायचा असतो. तू उपाशी ठेवली असतीस तरी तो आलाच असता. तू चारून मारलं नाहीस तिला.” शिगेने दात आवळून श्वास घेतला. “हिला मात्र उपाशी ठेवून मारायला निघाली होतीस.”

किनु रडली नाही. ती फुमीच्या नडगीवरचा अंगठा काढायचाच विसरली होती.

संध्याकाळी तात्सुओ पाळीवरून आला. चाळीने त्याला दाराशीच सगळे सांगितले होते. काळ्या तोंडाने, खाणीतले बूट न काढताच तो आमच्या खोलीत घुसला. फुमी कोपऱ्यात पडून होती. किनु चुलीपाशी बसून माशाचे कालवण ढवळत होती.

“माझ्या आईवर हात टाकलास?” असे म्हणून त्याने फुमीचे केस धरले आणि दुसरा हात उचलला.

किनुने निखाऱ्यातला चिमटा उचलला आणि त्या उचललेल्या हाताच्या बोटांवर मारला. तात्सुओ ओरडून मागे सरला.

“आई, अगं मी तुझ्यासाठी...”

“माझ्यासाठी काही करू नकोस. एक मुलगी मी मातीत घातलीय. हिला पुन्हा हात लावलास, तर तो हात तुझ्या अंगावर राहणार नाही. जा, बूट काढ. आणि आजपासून तुझा डबा तू भर.”

त्याची दोन बोटे मोडली. कितीतरी दिवस त्याला कुदळ धरता आली नाही, आणि चाळीतल्या बायकांनी त्याला पाणी भरताना पाहून पोट धरून हसून घेतले. तो साधू झाला असे मी म्हणणार नाही. पण त्या भिंतीपलीकडून मारण्याचा आवाज मी पुन्हा ऐकला नाही. फुमीने मात्र त्याच्यावर विश्वास ठेवला नाही. बाळंत होईपर्यंत ती आमच्याच खोलीत राहिली.

किनुने माफी मागितली नाही. ती रोज वाडगे घेऊन येई, फुमीसमोर आदळी आणि म्हणे, “गीळ. शेवटचं शीत राहिलं तर दात पाडीन.” फुमी जेवून झाल्यावर वाडगा पुढे करी. “अजून आहे का?” असे विचारताना आता तिची मान वर असे. शिगेने माझी दांडी एका हाताने ठोकून थोडी सरळ केली होती. मी अचूक उरलो नव्हतो. पण दर खेपेला जड होत जाणारे पाऊल मला कळत होते. दर वेळी वजन झाले की किनु वाकून सुनेच्या नडगीवर अंगठा दाबून बघे आणि मगच उठे.

बाळंतपण सोपे नव्हते. शिगेचे मनगट अजून फळ्यांमध्ये बांधलेले होते, म्हणून पोर हातात घ्यायला किनुशिवाय कुणी नव्हते. ती आधी भिंतीकडे तोंड करून उभी राहिली आणि “मला जमणार नाही” म्हणाली. शिगेने चांगल्या हाताने तिला कानाखाली वाजवली. फुमीने वेणांत तिच्या छातीवर लाथ मारली. किनुने स्वतःचा ओठ चावून फोडला, पण हात मागे घेतले नाहीत. रक्तात, शिव्यांत, ओरडण्यात मुलगी जन्मली. चांगली भरलेली, मांड्यांवर वळ्या असलेली. तिला कापडात गुंडाळून माझ्यावर ठेवले तेव्हा तिने लाथा मारून माझी वाकडी दांडी खडखडवली.

“हिचं नाव चियो ठेवू या का?” किनुने विचारले. सुनेला काही विचारण्याची तिची ती पहिलीच वेळ होती.

“नको,” फुमी म्हणाली. “मेलेल्या पोरीचं ओझं हिच्यावर नको. हिचं नाव मिनोरी.”

मिनोरी म्हणजे भरून आलेले पीक. किनुने मान डोलावली आणि ती कालवण गरम करायला गेली.

मित्रांनो, पुढे खाणी बंद पडल्या, चाळी पाडल्या. शिगे गेली, किनुही गेली. माझ्यावर आता धूळ बसते आणि कुणी चढत नाही. मला तेल नको, रंगही नको. मागणे एवढेच आहे. तुमच्या घरात किंवा शेजारी कुणी दोन जिवांची असेल, तर तिच्या ताटाकडे एकदा बघा. ताट अर्धे असेल, तर कुणी अर्धे केले ते विचारा. तोंड-पाय एकाएकी सुजले असतील, तर वाट न पाहता तिला दवाखान्यात न्या. भिंतीपलीकडून मारण्याचा आवाज आला, तर दार आपटले म्हणून परत फिरू नका. मी फक्त आकडा दाखवतो. तो का वाढला आणि का घटला, हे लोखंडाला विचारून कळत नाही. ते त्या बाईला विचारावे लागते, आणि ती बोलेपर्यंत तिच्याजवळ बसावे लागते.