पडद्यावर हसलेली मुलगी

महाराजांच्या सत्संगाला सभागृहात मुंगीला शिरायला जागा नव्हती. पडद्यावर आधी पुढच्या रांगेत बसलेल्या एका आईचा चेहरा आला, मग तिच्या वारलेल्या मुलीचा. आईला बघून मुलगी हळूच हसली. मग रिकामा झोपाळा दिसला, पुन्हा मुलगी आली, आणि ती रडवेली झाली. सभागृहात हुंदके सुरू झाले.

"आत्मा ओळख विसरत नाही," महाराज मधाळ आवाजात म्हणाले. "फक्त माउलीनं फिटच्या गोळ्या बंद ठेवाव्यात. गोळ्यांनी लहरी अडतात." कसल्या लहरी, हे विचारायची कुणाची टाप नव्हती.

आईच्या शेजारी त्या मुलीची मावशी बसली होती. ती त्या आईची धाकटी बहीण, सिनेमांची एडिटर. लोकांना हसवणं-रडवणं हाच तिचा धंदा. भाचीचा हा शॉट तर तिनंच घेतलेला. ताईनं तो भक्तिभावानं महाराजांच्या हवाली केला होता, आणि त्यांच्याच सांगण्यावरून गोळ्या परवापासून सोडल्या होत्या.

दुसऱ्या दिवशी मावशीनं ताईला हाताला धरून एडिटिंगच्या खोलीत नेलं. भाचीच्या चेहऱ्याआधी तिनं ताईचा फोटो जोडला.

"हसली बघ," ताई म्हणाली.

मग झोपाळा जोडला. "रुसली."

मग जेवणाचं ताट. "भूक लागलीय गं तिला."

मावशीनं बाकीचं सगळं काढून टाकलं. "तिन्ही वेळा हाच चेहरा होता, ताई. एक केस इकडचा तिकडे नाही. आधी काय दाखवलं, त्यावरून भाव आपणच भरतो. माझं पोट यावरच चालतं."

ताई पडद्याजवळ सरकली. "मग ती माझ्याकडे बघत नव्हती?"

"नाही. खिडकीबाहेर पिवळी क्रेन होती. तिच्याकडे."

"आणि हसली ती?"

"तिचं हसू तुला पाठ आहे. म्हणून तुला दिसलं."

मावशीनं पाणी आणि गोळी पुढे केली. ताईनं निमूटपणे गिळली. "म्हणजे आता ती खरंच गेली," ती म्हणाली. भाचीला आपण दुसऱ्यांदा पोचवून आलो, असं मावशीला वाटलं, आणि तिला रडू आवरेना.

सिनेमा बघून पोटभर रडावं, त्यात काही वावगं नाही. पण पडदा दाखवून कुणी औषध सोडायला सांगितलं, तर या चित्राआधी काय जोडलंय, एवढं जरूर विचारावं.

ताई आता रोज गोळी घेते. तो शॉट तिनं मागून घेतलाय, आधी-मागे काही न जोडता. त्यात मुलगी क्रेन बघत असते, आणि ताई मुलीला.