उष्ट्या नानांची भिंत

शिपायांनी कपाट नेले, पुस्तके नेली, माझा थोरला भाऊ निजाम यालाही नेले. भिंतीवरचे नान मात्र तसेच राहू दिले. खिळ्यांना टांगलेले चौदा नान, प्रत्येकाचा एकेक घास तोडलेला.

"हे काय?" अधिकाऱ्याने विचारले होते.

"प्रवासाला गेलेल्यांचे, साहेब," निजाम शांतपणे म्हणाला. "परतले की उरलेला खातात."

यात खोटे काहीच नव्हते. आमच्या रिश्तान गावात माणूस दूर निघाला की नानचा एक घास दातांनी तोडून जातो, आणि उरलेला नान भिंतीवर त्याची वाट पाहतो. निजामने बाबांच्या कुंभारशाळेत वाचनालय काढले आणि माणसाऐवजी पुस्तकाला प्रवासाला धाडले. प्रत्येक खिळा एकेका पुस्तकाचा. वाचक घरचा नान आणी, घास तोडी, टांगी आणि पुस्तक नेई; परत करताना नान संपवी. अधिकारी दिवसभर वाचकांची यादी शोधत राहिला, आणि ती त्याच्या डोक्यावर लटकत होती.

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, पन्नास घरांचा मुखिया मीरसालेह दुसरीच यादी घेऊन दारात आला. झारच्या लढाईत खंदक खणायला माणसे हवी होती. आमच्या मोहल्ल्यातून दहा. त्यांत बाबांचे नाव होते.

"मीरसालेह अका, बाबा बावन्न वर्षांचे आहेत!" मी म्हणाले. थोरल्या पुरुषाला आमच्याकडे अका म्हणतात.

"हुकूम साठपर्यंतचा आहे, पोरी. झारनं तुला विचारून काढला नाही."

"आणि तांदूळवाल्याचा मुलगा बोल्ताबाय? बावीस वर्षांचा बैल तो!"

"त्याची छाती नाजूक आहे."

"परवा कुस्तीत तिघांना लोळवलंन् की त्या नाजूक छातीनं!"

"सलामत, जीभ आवर. गाडी दुपारच्या नमाजानंतर निघेल." तो निघून गेला.

बाबा चाकावरून उठलेसुद्धा नाहीत. "भट्टी अर्धी भरून राहिली," एवढेच म्हणाले.

ज्यात हा हुकूम आमच्या भाषेत छापला होता, ते सरकारी पत्रक निजामने ताश्कंदहून मागवले होते. त्यातला आकडा साठ नव्हता, हे त्यानेच मला सांगितले होते. पण माझ्या सांगण्याला कोण विचारतो? छापील कागद हवा होता, आणि तो बुधवारी कुणीतरी वाचायला नेला होता. बुधवार बायकांचा. त्या मागच्या दाराने येत, निजाम भिंतीकडे तोंड करून बसे. कोण आले, हे त्यालाही ठाऊक नसे.

पत्रकाचा खिळा शेवटचा. मी तो नान उजेडात धरला. घासाची कड सरळ होती; मधोमध मात्र एक बारीक सुळका तसाच उरला होता. समोरच्या दाताचा तुकडा उडालेल्या तोंडाचा घास! तो दात उडाला तेव्हा मी शेजारीच बसले होते. आम्ही दोघी पंतोजीणबाईंकडे अक्षरे गिरवत होतो, आणि आयखानने पैज लावून जर्दाळूची आठळी दाताने फोडली होती.

आयखान. मीरसालेहची बायको.

छातीशी नान धरून मी धावत सुटले. बुरख्याची टोके पायांत येत होती. पाण्याच्या पाटावरच्या फळीवरून घसरता घसरता वाचले. मुखियाच्या दारात गाडी जुंपलेली होती. नमाज आटोपून सगळा मोहल्ला तिथे लोटला होता. आत जायला मीरसालेहने वाट दिली नाही.

मग मी जनानखान्याच्या भिंतीपाशी गेले आणि उभ्या मोहल्ल्यासमोर ओरडले, "आयखान! तुझा नान आणलाय!"

मुखिया चमकला. "कसला नान? माझी बायको कुठं प्रवासाला गेली?"

"गेली होती, अका," मागून कुणीतरी म्हणाले. "तुमच्या नकळत." हशा पिकला.

तिने गप्प राहायचे ठरवले तर? तिला याच घरात नांदायचे होते.

भिंतीपलीकडून कागद उलगडल्याचा आवाज आला. मग आयखानचा, आधी कापरा, मग लहानपणी धडा म्हणायची तसा खणखणीत: "वय एकोणीस ते त्रेचाळीस. त्यापुढच्या माणसाला नेऊ नये."

"साठ नाही?" कुणीतरी विचारले.

"साठ कुठंच नाही. दोनदा वाचलं मी."

"आत हो, बाई!" मीरसालेह किंचाळला.

"आतच आहे की मी!"

असा हशा मी त्या मोहल्ल्यात पुन्हा ऐकला नाही. यादीतले चौघे त्रेचाळिशीपुढचे निघाले. लोक मुखियाभोवती दाटले. त्याने घाम पुसत बाबांसह त्या चौघांची नावे खोडली. "मग बोल्ताबायचं लिहा!" असा गलका झाला.

तेव्हा बाबा पुढे आले. पाय पोटऱ्यांपर्यंत मातीने भरलेले. "माझ्या जागी त्या पोराला नको," ते म्हणाले. "आमचा खंदक नाही, आमची लढाई नाही. कुणाचंच नाव नको." आणि त्यांनी मीरसालेहच्या हातातून यादी घेतली, एखादे मडके उचलावे इतक्या सहज. कुंभारशाळेपर्यंत सगळे त्यांच्या मागे चालत गेले. पुढचे मी नंतर ऐकले. बाबांनी तो कागद मळायच्या चिखलात टाकला आणि त्यावर पाय दिला. एक फेरी, दुसरी. मग गाडी सोडून आलेले यादीतले बाकीचे नऊजणही चिखलात उतरले, आणि दहा माणसांच्या पायांखाली दहा नावे मळली गेली.

मी मात्र आयखानच्या भिंतीपाशीच थांबले होते. पत्रक वरून माझ्या हातात आले.

"सलामत, माझा नान?"

मी तो वर दिला. पलीकडून तीन दिवसांचा कडक नान कडाकडा चावल्याचा आवाज आला.

"दात सांभाळ!" मी म्हणाले.

"उरलेत की अजून," आयखान म्हणाली. "बुधवारी दुसरं काय देशील?"

"कपाट शिपायांनी नेलंय."

"बाकी तेरा लोकांकडं तेरा पुस्तकं आहेत ना? तुला घासावरून माणसं ओळखता येतात. गोळा कर."

सोमवारी शिपाई पुन्हा आले. या वेळी त्यांना दोन याद्या हव्या होत्या, वाचकांची आणि खंदकाच्या माणसांची. बाबांनी त्याच चिखलाचा एक घडा चाकावरून उतरवून सुकत ठेवला. मी भिंतीकडे पाहिले नाही. काही पुस्तके आता दोघे मिळून नेत; भिंतीवर त्या दिवशी एकवीस नान होते.